मावशीचं हसू आणि लाल दिवा

त्या दिवशी मला स्वतःच्याच थोबाडीत मारून घ्यावंसं वाटलं, आणि पाचच मिनिटांनी मी येलदरी धरणाच्या काठावर चिखलात नाचत होतो.

कॅमेरामन म्हणून माझा तो पहिलाच सिनेमा. दिग्दर्शक माझा मित्र, त्याची बायको कपडे बघायची, आणि नटमंडळी म्हणजे गावातलीच माणसं. सिनेमातल्या आईच्या कामाला मेंढरं राखणारी एक मावशी मिळाली होती. शेवटच्या दृश्यात मेंढरं घरी येताना बघून तिनं हसायचं, एवढंच. पण मी कॅमेरा उचलला की मावशी डोक्यावर पदर घेऊन, हात सरळ करून, रेशनकार्डाच्या फोटोला उभी राहिल्यासारखी ताठ! तीन दिवस हाच तमाशा. त्यात कॅमेरा भाड्याचा. त्याच रात्रीच्या गाडीनं परभणीहून परत जायचा होता. हसू मिळालं नाही तर आमच्या सिनेमाला शेवटच नव्हता.

"मावशी, हसा की जरा."

"बळंच कसं हसू, बाबा? येड लागलंय का मला?"

ऊन कललं. मेंढरं आली, काय फर्मास आली! मी बटण दाबून सगळं टिपलं. मावशी ताठच. संपलं सगळं म्हणत मी बंद करायला पुन्हा बटण दाबलं आणि कॅमेरा छातीशी धरून तिच्यासमोर उभा राहिलो. तेवढ्यात मागून एका एडक्यानं अशी ढुशी दिली की मी थेट चिखलात बसलो!

"अगं माय! कॅमेरावाला पडला गं!" मावशीचा पदर सुटला, कमरेवर हात गेले, आणि डोळ्यांतून पाणी येईस्तोवर ती हसली.

मी रडकुंडीला आलो. हसू समोर, आणि कॅमेरा बंद! बघतो तर लाल दिवा चालू. आधी बटण नीट दाबलंच गेलं नव्हतं, बंद करायला दाबलं तेव्हा कुठं कॅमेरा सुरू झाला होता. मेंढरं गेली बोंबलत, पण हसू अख्खं आत आलं होतं! तिरकं, पण होतं! मग मी नाचलो, मित्र नाचला, चिखलासकट मिठ्या मारल्या.

पुढं लय कॅमेरे हाताळले, पण अजून बटण दाबलं की मी दिवा दोनदा बघतो.

जिंतूरच्या एका शाळेत आम्ही तो सिनेमा दाखवला. मावशी माझ्या शेजारी बसली होती. पडद्यावर ती तिरकी हसली आणि अख्खी शाळा हसली. तिनं मात्र माझं मनगट घट्ट धरलं.

"ही तर माझी माय हाय," ती म्हणाली. "अशीच हसायची. मला वाटलं, तिच्यासंगंच गेलं ते."