एस.टी.च्या मागं उभी राहिलेली आई

शालन गेल्याचं मला मोबाइलवरून कळलं. गावाच्या ग्रुपवर कुणीतरी टाकलं होतं, ‘आपल्या सास्तूरची बालकलाकार शालन हिचे दुःखद निधन’, आणि खाली तो व्हिडिओ. दोन वेण्या, लाल रिबिनी, सुटलेल्या एस.टी.मागं टाहो फोडत धावणारी पोरगी. गेली होती ती पन्नाशीकडं झुकलेली बाई. तिला नवरा होता, लग्नाला आलेली लेक होती. पण ग्रुपवर सगळे हात जोडत होते ते त्या सात वर्षांच्या पोरीला. ‘काय रडली होती राव’, असं एकानं लिहिलं, आणि त्याला भराभर अंगठे मिळाले.

आम्ही शेजारणी, एकाच वर्गातल्या. दुसरीत असताना गावात शूटिंग आलं. सिनेमा घरगुती होता… बाप नोकरीसाठी शहरात जातो, घर मागं राहतं, शेवटी सगळे एकत्र येऊन गाणं म्हणतात. बापाच्या एस.टी.मागं धावणारी मुलगी त्यांनी पुण्याहून आणली होती, तिला नेमका गोवर निघाला. मग गर्दीतून शालनला उचललं, कारण तिचे डोळे मोठे होते. पण शालन रडणारी पोर नव्हतीच. गुरुजींनी छडी उगारली तरी तिला हसू फुटायचं. कॅमेरा सुरू झाला की ही फिदीफिदी हसायची. ऊन उतरायला लागलं तसा दिग्दर्शक चिडला. मग त्यांच्यातल्या एका शहाण्यानं शालनच्या आईला, शेवंताकाकूंना, एस.टी.च्या पलीकडच्या अंगाला उभं केलं आणि गाडी हळू सुटली की तिच्या आडोशानंच चालत राहा, हूं की चूं करू नका म्हणून बजावलं. इकडं शालनच्या कानात सांगितलं की तुझी आई विहिरीत पडून मेली.

पुढचं सगळ्या महाराष्ट्रानं पाहिलंय. शालन ‘आई’ म्हणून ओरडत होती. सिनेमात ‘बाबा’ ऐकू येतं, तो आवाज मागाहून दुसऱ्याच मुलीचा घातलेला. सीन झाल्यावर काकू तोंडाला पदर लावून हसत एस.टी.मागून बाहेर आल्या. शालननं त्यांच्या मनगटाला असा विळखा घातला की काकूंच्या बांगड्या पिचल्या. युनिटच्या लोकांनी टाळ्या वाजवल्या. त्यानंतर कुणाचंही लग्न असो, बारसं असो, शालन दिसली की बाया म्हणायच्या, “ए शालन, रडून दाखव की.” ती दाखवायची बिचारी. मोठ्यांचं ऐकायचं असतं, एवढंच तिला शिकवलेलं.

आम्ही नववीत असताना भूकंप झाला. शालन तेव्हा उस्मानाबादला मामाकडं होती. ती गावात पोचली तोवर काकूंना बाकीच्यांबरोबर अग्नी देऊनही झाला होता. एका म्हातारीनं तिला जवळ घेऊन सांगितलं, “पोरी, तुजी आई गेली गं.” शालननं तिच्याकडं बघितलं. बाजूला मिलिटरीचा ट्रक उभा होता. ही उठली, ट्रकच्या मागं गेली, बघून परत आली आणि गुमान बसली. मी तिच्या शेजारीच होते, ती काय शोधून आली ते मला कळलं. हे वाक्य तिनं एकदा ऐकलेलं होतं. तेव्हा आई हसत बाहेर आली होती. ती वाट बघत बसली. डोळ्यात पाण्याचा टिपूस नाही. लोकांना तेवढंच दिसलं. ज्यांच्या स्वतःच्या घरात माणसं गेली होती त्या बायासुद्धा कुजबुजायला चुकल्या नाहीत. “सिनेमात कसली रडली होती बया, अन् खऱ्या आईला पाणी न्हाय डोळ्याला.” पत्र्याच्या शेडमध्ये राहायला गेलो तिथंही हे तिच्या पाठीमागं आलं. शालन त्यानंतर कधीच रडली नाही, लग्नात निघतानासुद्धा नाही. त्याचीही चर्चा झालीच.

इथं आमच्या गावाची एक रीत सांगायला हवी. भूकंपात घरं गेली तशी भिंतीवरचे फोटोही गेले. मग कुणाच्या तरी लक्षात आलं की त्या सिनेमात शालनच्या मागं सगळं जुनं सास्तूर उभं आहे. लोकांनी कॅसेट आणून थांबवून थांबवून पाहिली. हे आमचे आप्पा, ही रजियाचाची, हा आमचा बारका… उमरग्याच्या स्टुडिओवाल्यानं पडद्यावरून फोटो काढून मोठे करून दिले. आज नव्या गावात अर्ध्या घरांतून ते धुरकट फोटो हार घालून टांगलेत. एकदोन फोटोंत तर शालनच्या वेणीचं टोक कोपऱ्यात आलंय. सगळं गाव तिच्या रडण्याच्या आधारानं आपली माणसं परत घेऊन गेलं. त्यात फक्त तिची आई नव्हती. तिला कॅमेऱ्यापासून लपवलेलं होतं. काकूंचा दुसरा कुठलाच फोटो कुणाकडं नव्हता. पुढं पुढं शालनला आईचं तोंडच आठवेना. “पदर आठवतो गं, त्याच्यावर तोंड येत न्हाय,” असं ती मला एकदा म्हणाली होती.

आणि दोन वर्षांपूर्वी जुन्या दिग्दर्शकाचा पुतण्या गावात आला. हल्ली जुन्या घरगुती सिनेमांच्या आठवणींवर नवे सिनेमे काढतात, आणि त्यात मोठ्या झालेल्या बालकलाकारांना क्षणभर आणून उभं करतात. लोक ओळखतात, शिट्ट्या मारतात, डोळे पुसतात. त्याला शालन हवी होती. एस.टी. थांब्यावर उभी राहून जाणाऱ्या गाडीकडं बघत रडणारी. शालननं सरळ नाही म्हटलं. तो उठायला लागला तेव्हा मात्र तिनं विचारलं, “त्या दिवशी एस.टी.च्या पल्याडचं काय घेतलं होतं का हो तुमच्या लोकांनी?” का विचारते, ते त्यानं काढून घेतलं. हुशार माणूस. म्हणाला, “असणार ना ताई. कापलेल्या रिळांचे डबेच्या डबे पडलेत आमच्याकडं. तुम्ही सीन द्या. शेवटी नावं येतात ना, तिथं तुमच्या आईंना दाखवतो.”

शूटिंगला मी गेले होते. शालनच्या अंगावर नवीन लुगडं, तोंडावर पावडर. बराच वेळ पाणी येईना. मग कॅमेऱ्यामागून तो गोड आवाजात म्हणाला, “आईला बघायचंय ना ताई?” आणि तिचा बांध फुटला. भूकंपापासूनचं सगळं बाहेर आलं. मला ते बघवेना. तो मात्र समाधानानं मान हलवत होता.

धाराशिवला सिनेमा लागला तेव्हा गावानं जीपा केल्या. शालन, तिची लेक दीपाली आणि मी एका रांगेत. शालनचा चेहरा आला, लगेच लहानपणची रडणारी शालन आली आणि थिएटरमध्ये टाळ्या पडल्या. तिचं तिकडं लक्षच नव्हतं. ती शेवटाची वाट बघत होती. नावं सुरू झाली तशी ती पुढं सरकून बसली. नावं संपली, दिवे लागले, लोक उठले. झाडूवाला आत आला. दीपालीनं तिचा हात धरला तर म्हणाली, “थांब की, अजून दाखवायचं राहिलंय.”

दुसऱ्या दिवशी दीपालीनं त्यांच्या ऑफिसात फोन लावला. तिथली मुलगी भली होती, खरं बोलली. रिळं कधीच भंगारात गेलीत, सरांनी सीनसाठी म्हणून सांगितलं असेल, तुम्ही मनाला लावून घेऊ नका. काकाच्या माणसानं आई मेली म्हणून रडवलं होतं, पुतण्यानं आई दिसेल म्हणून रडवलं. दोघांचेही सिनेमे चालले. शालन गेल्यावर त्या पुतण्यानं लिहिलंय की ती जातिवंत कलाकार होती, एका शब्दावर डोळ्यात पाणी आणायची. शब्द कोणता, ते त्यानं लिहिलं नाही. म्हणून मी लिहिते आहे. डॉक्टर म्हणाले, हृदय. डॉक्टरांशी मी वाद घालत नाही.

परवा तिच्या घरी गेले. बाहेरच्या खोलीत, देवळीच्या वर, तिचा फोटो लावलाय. सिनेमावाल्यांनीच फ्रेम करून पाठवलेला, थांब्यावरचा, रडताना. मी बघत राहिले तशी दीपाली हळूच म्हणाली की सिनेमा लागायच्या आदल्या दिवशी आईनं तिथं स्वतः खिळा ठोकला होता. आजीच्या फोटोसाठी. दीपालीचे वडील तिथंच बसले होते. वाईट माणूस नाही तो, साधा आहे. माझ्याकडं बघून म्हणाले, “खिळा होताच रिकामा. म्हणलं, दुसरा कशाला ठोकायचा.”