धागोऱ्याची गाठ

अकोल्याहून वाशीमकडे जाणारी एस.टी. पातूरचा घाट चढू लागली, तेव्हा खिडकीबाहेर साग होता आणि माझ्या डोक्यात सुनंदाची कथा. कथा वाईट असती तर मी निघालेच नसते.

सुनंदा माझी कॉलेजातली मैत्रीण. वसतिगृहात आमची खोली एकच होती. दोघीही आपापल्या घरातल्या पहिल्या पदवीधर. त्या शिक्षणाच्या जोरावर मी आज पुण्यात एका छोट्या त्रैमासिकाचं संपादन करते, आणि मला शिकवणाऱ्या आईवडिलांचे उपकार मी विसरलेले नाही. सुनंदा लग्न होऊन मेडशीला गेली आणि शिकवण्या घेऊ लागली. लेखिका व्हायचं होतं ते मला. माझ्या कथा छापून आल्या. कोणी वाचल्या का, ते ठाऊक नाही.

आणि आता तिची कथा माझ्या टेबलावर आली होती. धागोरा नावाच्या देशाची. तिथे घरं, रस्ते, नदीसुद्धा विणलेली. नवं विणकाम सुरू करण्याआधी तिथे एक मंत्र म्हणतात. प्रत्येकीने आपला हेवा मोठ्याने सांगायचा आणि एक गाठ बांधायची. हेवा लपवला तर विणकाम मधोमध फाटतं.

"आमच्या गल्लीतल्या बाया आता बाज विणताना माहा मंत्र म्हनतेत," ती फोनवर म्हणाली. "येऊन पाहून जाय."

कथा छापायची की नाही, हे माझ्या हातात होतं. 'अजून कच्ची आहे' असं समोर बसून सांगायचं, हे ठरवूनच मी निघाले होते. बायांची गोष्ट ती वाढवून सांगत असणार अशी माझी खात्री होती. खरं म्हणजे आशा होती.

"मेडशी! मॅडम, उतरा न, झोपून राह्यल्या काय?" कंडक्टर ओरडला. मी घाईने उतरले आणि बाकरवडीची पिशवी गाडीतच राहिली. पुण्याहून आलेली पाहुणी अशी रिकाम्या हातानं सुनंदाच्या दारात उभी राहिली.

"बाकरवडी गेली तं जाऊ दे, तू आली न!" तिने माझा हात धरून आत नेलं. वाटेत दोन्हीकडे तुरीची शेतं शेंगांनी लगडलेली दिसली होती. जेवायला त्याच तुरीच्या सोल्यांची (ओल्या दाण्यांची) भाजी, ज्वारीची भाकर आणि डोळ्यांत पाणी आणणारा ठेचा होता. कथेबद्दल तिने एका शब्दानेही विचारलं नाही. मीही विषय काढला नाही.

दुपारी अंगणात बाजेचा (दोरीने विणायच्या खाटेचा) रिकामा सांगाडा मांडला गेला. गल्लीतले बरेच पुरुष कामासाठी बाहेरगावी गेलेले, म्हणून बाया स्वतःच विणतात. प्रत्येकीने घरून दोरीचा तुकडा आणला होता. कोणाची सुतळी, कोणाची हिरवी नायलॉनची दोरी. मला सुनंदाने एक तुकडा दिला. हे सगळे तुकडे गाठी मारून जोडायचे आणि मग विणायला घ्यायचे. शेजारच्या वच्छलाबाईंनी खणखणीत आवाज लावला आणि बाकीच्यांनी साथ धरली:

उभा धागा, आडवा धागा,
धागोऱ्यात हाय सर्वाइले जागा.
पोटात ठेवला तो धागा कुजला,
गाठीत बांधला तो तिथंच निजला.
सांग वं बाई, हेवा कोनाचा?
बांध वं बाई, दोर मनाचा.

मंत्र फारच चांगला होता, आणि म्हणूनच मी जळले. माझं एकही वाक्य असं कोणाच्या तोंडी बसलं नव्हतं.

"मले देवकीच्या सुनेचा हेवा वाटते," एक तरुण सून म्हणाली. "तिची सासू बहिरी हाय!"

"मी बी बहिरी होतो उद्यापासून, मंग?" तिची सासू शेजारूनच म्हणाली. अंगण हसलं. गाठ बसली.

माझी पाळी आली. "मला तुमच्या या मोकळ्या हवेचा हेवा वाटतो," मी म्हणाले.

"हवेचा?" वच्छलाबाईंनी माझ्या हातातली दोरी धरून ठेवली. "काहून, पुन्यात श्वास नाही घेत काय? हे तं पाव्हनीचं बोलनं झालं बाप्पा. अशी गाठ सुटून जाईन."

आणि माझ्या एकटीसाठी सगळ्यांनी पुन्हा मंत्र म्हटला. सुनंदासुद्धा म्हणत होती. 'हेवा कोनाचा' इथे आवाज थांबले. सगळ्या माझ्याकडे बघत होत्या.

"सुनंदाचा," मी म्हणाले. "हे तिला सुचलं. मला नाही."

कोणी चकित झालं नाही. "बांध वं बाई, दोर मनाचा," एवढंच आलं. वच्छलाबाईंनी दोरी सोडली आणि मी गाठ घट्ट ओढली.

पुढची पाळी सुनंदाची. आता ती माझं नाव घेणार, पुण्याचं, नोकरीचं, छापील नावाचं काहीतरी बोलणार, म्हणून मी मान खाली घातली.

"मले वच्छलाबाईच्या बोअरचा हेवा वाटते," ती म्हणाली. "भर उन्हाळ्यात बी पानी!"

"ये न घागर घेऊन, कोन नाही म्हनते!" वच्छलाबाई ओरडल्या. सगळ्या हसल्या. मीही हसले, जरा उशिरा. तिला माझा हेवा वाटत नव्हता. थोडासुद्धा नाही.

संध्याकाळी बाज तयार झाली. तिच्यावर पहिल्यांदा पाव्हनीनं पडायचं, असं ठरलं. गाठी खालच्या अंगाला घेतल्या होत्या, तरी एक डाव्या खांद्याखाली टोचतच होती. ती माझीच असावी. सुनंदा उशाशी येऊन बसली.

"माही कथा कशी वाटली, सांगून टाक एकदाची."

"छापते."

"काही बदल?"

"मंत्राला हात लावायचा नाही," मी म्हणाले. ती इतकी खूश झाली की मला पुन्हा जळायला झालं.

दुसऱ्या दिवशी परतीच्या गाडीत, पातूरचा घाट उतरताना, त्या मंत्रात एखादा तरी शब्द कच्चा सापडतो का, ते मी शोधत होते. सापडला नाही. माझा हेवा गेला, असं मी इथे लिहिणार नाही. धागोऱ्यातसुद्धा तो जात नाही. गाठीत निजतो, आणि आपण कूस बदलली की टोचतो.