रशियन कॅमेरावाला आणि तुरीची डाळ

पडेगावच्या माझ्या घरात एक म्हातारा रशियन कॅमेरावाला राहिला होता. दौलताबादच्या रस्त्याला त्यांच्या सिनेमाचं शूटिंग चालू होतं आणि त्या पंधरा माणसांचा स्वयंपाक माझ्याकडं होता. मी चौथी शिकलेली. सिनेमातलं मला कळत नाही. पण हा चाळीस वर्षं मोठमोठ्या सिनेमांचा कॅमेरा धरत आला, बर्फात आपला कोट कॅमेऱ्यावर टाकून स्वतः कुडकुडत उभा राहिला, हे त्यांच्या दुभाषी मुलीनं मला सांगितलं होतं. आताचा दिग्दर्शक त्याच्याच हाताखाली शिकलेला.

सकाळी तो अंगणात माझ्याशेजारी बसून तुरीची डाळ निवडायचा. फुलंब्रीहून जाऊबाईनं पाठवलेली घरची डाळ, खडे भरपूर. त्यानं निवडलेली डाळ मी सुपात घेतली की खडे तिथल्या तिथं. बघताना मानही तिरकी करायचा. माझ्या नवऱ्याचे डोळे असेच गेले होते. मधोमध काळं, कडेकडेनं दिसायचं. एकदा यानं चहा कपाच्या बाहेर ओतला. मी बघत होते, ते त्याला कळलं. त्यानं ओठांवर बोट ठेवलं, कॅमेऱ्याच्या पेटीकडं हात केला आणि एक बोट वर केलं. एवढा एकच सिनेमा. मग हात जोडले. मी मान हलवली. रोज त्याची डाळ मी गुपचूप पुन्हा निवडायची.

एक दिवस कंबर धरली आणि तेवढं राहिलं. दुपारी खिचडीत दिग्दर्शकाच्या दाताखाली खडा आला. तो ताट सारून ओरडायला लागला.

"मावशी, ते म्हणतात उद्यापासून जेवण शहागंजच्या हॉटेलातून मागवा," मुलगी म्हणाली.

माझ्या हातच्या जेवणाला आजवर कुणी नाव ठेवलं नव्हतं.

"डाळ यांनी निवडली," मी म्हाताऱ्याकडं बोट केलं. "यांना दिसत नाय. लई दिवसांपासून नाय."

"हे सांगू त्यांना?"

"सांग की. मी काय खोटं बोलते व्हय?"

दिग्दर्शक आधी हसला. मग त्यानं मूठभर डाळ मागवली, ताटात पसरली आणि म्हाताऱ्यापुढं ठेवली. सगळे जेवायचे थांबले. म्हातारा बोटांनी चाचपत एकेक दाणा बघायला लागला. दिग्दर्शक काहीतरी बोलला.

"बोटांनी नाही म्हणतात," मुलगी हळू म्हणाली. "डोळ्यांनी."

मागं कुणीतरी फिसकन हसलं. म्हाताऱ्यानं हात मांडीवर घेतले आणि तसाच बसून राहिला.

दुसऱ्या दिवशी कॅमेऱ्यावर त्याचा मदतनीस होता. जेवण माझ्याचकडं राहिलं. तिसऱ्या दिवशी म्हाताऱ्याला न्यायला गाडी आली. सिनेमाचे आठ दिवस बाकी होते.

"मावशी, ते विचारतात, आठच दिवस होते. तुम्ही थांबला असतात तर?"

"मग माझं काम गेलं असतं. सांग त्यांना."

तिनं सांगितलं. त्यानं ऐकून घेतलं आणि गाडीकडं वळला. ड्रायव्हर आत मोबाइल बघत होता. म्हातारा दाराची मूठ शोधत पत्र्यावरून हात फिरवत होता. मी दोन पावलांवर होते. त्याला मूठ सापडेपर्यंत मी तिथंच उभी राहिले.