मेस्त्रीकाका आणि जिन्याजवळचा खांब

कुणाच्याही घरी गेले की मेस्त्रीकाका आधी दारातल्या खांबावर बोटाच्या पेराने टकटक करायचे, कान लावायचे आणि मगच माणसांची चौकशी करायचे. घाटकोपरच्या आमच्या लाकडी चाळीचे ते सुतार, मूळचे मालवणकडचे. मान थोडी वाकडी, बोलणं तुटक. तुळई धड निघाली की म्हणायचे, "तुझ्या नातवांका पुरतली." आवाज बद्द आला की मात्र खिशातला खडू काढून फुली मारायचे. त्या फुलीवर चाळीत कुणी वाद घालत नसे.

मग चाळ पाडायची बोलणी सुरू झाली. बिल्डरशी करार व्हायचा होता. त्याआधीच चाळ धोकादायक ठरली असती तर हातात कागद नसताना घरं सोडावी लागली असती, आणि एकदा बाहेर पडल्यावर आम्हाला कोण विचारणार होतं? काकांची खोली तर चुलतभावाने तोंडी दिलेली. त्यांच्याकडे भाडेपावतीही नव्हती. चाळ उभी होती तोवरच त्यांचं घर होतं.

तपासणीला पालिकेचा इंजिनियर येणार असं कळलं. जिन्याजवळच्या खांबाला वाळवी लागली होती, आणि आमच्या खोलीवरचा मजला त्याच खांबाने तोलला होता. भेगांत लांबीची पुट्टी भरून द्या, असं आम्ही काकांना सांगितलं. ते नाही म्हणाले. मग मीच डबा आणला, भेगा बुजवल्या, वरून तेलरंग दिला. काम इतकं झकास झालं की मला माझंच कौतुक वाटलं.

इंजिनियर तिथे न थांबता पुढे गेला. सुटलो, असं वाटतंय तोच काका म्हणाले, "सायबानू, हय बघा." त्यांनी खांबाला पटाशी टेकवली. हातोडीचा घाव न घालता ती मुठीपर्यंत आत गेली.

पंधरवड्यात चाळ रिकामी झाली. लोक काकांना नको नको ते बोलले. बायको-मूल नव्हतंच, हत्यारांची पेटी घेऊन ते गावी निघाले. एसटीपर्यंत मी एकटाच गेलो, तोही भांडायला.

"काय मिळवलंत, काका? तुमचंसुद्धा घर गेलं ना?"

काका खिडकीशी बसले होते. "घर गेला," ते म्हणाले. "तू आसस मा?"

गेल्या वर्षी काका गावीच वारले. करार अजून झालेला नाही, आम्ही मुलुंडला भाड्याने राहतो. त्या दिवशी मी नुसतं 'आहे' म्हटलं असतं तरी पुरे होतं. मी पाठ फिरवली आणि चालू लागलो.