अंगठा टेकवा, फिरवू नका

श्रीमती पद्मावती येमूल साठ वर्षांच्या झाल्या आणि बँकेतून निवृत्तही झाल्या. त्यांच्या गौरवग्रंथात बँकिंग क्षेत्रातील मोठी मंडळी लिहीत आहेत. अशा पंगतीत करकंबच्या एका किराणा दुकानदारालाही पाट मांडला, हा संपादकांचा मोठेपणा. माझी शाळा सातवीत सुटली. पुढचे वाचन झाले ते पुड्या बांधायला आणलेल्या रद्दीवर. तेव्हा चूकभूल पदरात घ्यावी.

पहिली भेट दुकानातच झाली. मॅडम बँकेच्या जीपमधून उतरल्या, शेंगदाणे मागितले, एक दाणा चावून पाहिला आणि म्हणाल्या, "अण्णा, दुकानाचा हा कोपरा आमच्या बँकेला द्या."

"घ्या की. पण तितं बसणार कोण?"

"तुम्हीच."

मला हसू फुटले. "मॅडम, माझ्याकडं गूळ मिळतो. बँक न्हाय मिळत."

"केनियात छोटे दुकानदारच हे काम करतात. गिऱ्हाईक दुकानात नोटा देतं, त्या मोबाइलवर जमा होतात. त्यांना जमतं, मग तुम्हाला का नाही?"

कोपरा दिला. बोट टेकवून ओळख पटवायचे लहानसे मशीन आले आणि आमच्या म्हाताऱ्या माणसांची पेन्शनसाठी पंढरपूरला होणारी एसटीची खेप वाचली.

मॅडमना जगभरच्या बँकांचा भारी नाद. लेकीकडे स्वीडनला जाऊन आल्या, तर सगळे विचारतात बर्फाचे, आणि त्या सांगतात दुकानांच्या दारांवरच्या पाट्या: ‘रोख रक्कम घेतली जात नाही’. तिथे एक आजीबाई हातात नोट घेऊन दुकानातून तशाच परत फिरल्या, ते त्यांनी डोळ्यांनी पाहिले. "आणि आता तिथलंच सरकार सांगतंय, संकटकाळासाठी घरात थोडी रोकड ठेवा," असे म्हणून त्या हसायच्या. इंग्लंडात शाखा बंद पडू लागल्या तेव्हा अनेक बँकांनी मिळून गावात एकच खिडकी उघडली. जपानात सहीऐवजी शिक्का उमटवायची रीत अजून पुरती गेलेली नाही. हे सगळे माझ्या गुळाच्या ढेपेशेजारी बसून मी ऐकलेले आहे. त्यांचे सांगणे एकच. यंत्र कुठलेही आणा, पण त्याच्या दारातून माणूस परत जाता कामा नये.

त्या बोलण्याची परीक्षा लवकरच आली. आमच्या केंद्रावर बोटे जुळेनाशी झाली. मुख्य कचेरीतले एक साहेब आले. माणूस सभ्य, पण हिशेबी. म्हणाले, "बहुतेक व्यवहार फसतात. लोकांच्या बोटांवर रेषाच उरलेल्या नाहीत. केंद्र बंद करावं लागेल." म्हणजे पुन्हा एसटी, पुन्हा पंढरपूर. मेंढरामागे हिंडून गुडघे गेलेल्या आमच्या भामाबाईंनी तर डोक्याला हातच लावला.

मॅडमनी साहेबांकडून महिनाभराची मुदत मागून घेतली आणि दर बाजारच्या दिवशी दुकानात ठाण मांडले. पहिल्याच दिवशी भामाबाई आल्या.

"आवं मॅडम, हे मशीन म्हनतंय, ही बाई भामा न्हाय."

"मग कोण आहात तुम्ही?"

"मी भामाच की! जल्मापासनं मीच हाय. त्याला इचारा, त्यो कोन हाय!"

सारे दुकान हसले. मॅडम मात्र भामाबाईंच्या हाताकडे बघत होत्या. भामाबाईंनी अंगठा आधी डोईच्या तेलकट केसांवर घासला, मग मशीनच्या काचेवर ठेवून डावीकडून उजवीकडे झोकात फिरवला. उभ्या जन्मात शाईचा अंगठा त्यांनी असाच उठवला होता. काचेला शाई नाही, एवढे सोडले तर रीत अगदी बिनचूक! मागचे आजोबाही तेच करणार होते. अंगठा पुसून, तेल लावून तयार.

"टेकवा, फिरवू नका," मॅडम म्हणाल्या. फडक्याने काच पुसली, भामाबाईंचा हात स्वतःच्या हातात धरला. तरी अंगठा जुळेना. तो खरोखरच झिजला होता. मग एकेक बोट लावून पाहिले. डाव्या हाताच्या करंगळीशेजारचे बोट लागले आणि मशीन बोलले.

"वळखलं की रं मला!" भामाबाई ओरडल्या.

महिनाभर मॅडमनी प्रत्येकाचे चालणारे बोट शोधून दिले. ज्यांचे एकही चालेना, त्यांच्यासाठी बँकेचा माणूस ठरल्या दिवशी गावात पाठवायचे त्यांनी भांडून मंजूर करून घेतले. साहेब पुन्हा आले, तासभर बघत बसले, चहा प्याले आणि केंद्र चालू ठेवायला सांगून गेले. ते आजही चालू आहे.

शिस्तही तेवढीच कडक. एका आजोबांनी भर बाजारात आपल्या कार्डाचा गुप्त आकडा मोठ्याने सांगायला सुरुवात केली, तर मॅडमनी दोन्ही कान झाकले. "मी ऐकलं नाही! पण बाजारानं ऐकलं. आधी तो बदला." आणि माया म्हणाल तर, माझी मंडळी सोलापुरात दवाखान्यात होती तेव्हा मॅडम जुळे सोलापूर भागातल्या आपल्या घरून स्कूटीवर रोज डबा आणायच्या. ‘कशाला त्रास’ म्हटले की आपल्या घरच्या तेलुगू वळणाने दटावायच्या, "गप्प जेवायचं, अण्णा."

निवृत्तीनंतर आराम करतील असे वाटले होते. परवा फोन आला. "अण्णा, आता चेहरा दाखवून ओळख पटवायची सोय येतेय. भामाबाईंचं काय होईल?"

"त्या पदर कपाळावर ओढून, मान खाली घालून बसतील."

"वाटलंच मला. बाजारच्या दिवशी येते."

मॅडम, या, जरूर या. कोपरा तुमचाच आहे. तुम्हाला उदंड आयुष्य लाभो आणि गुडघे आमच्यासारखे कुरकुर न करोत. जास्त काय लिहू? तुमच्याविषयी लिहितोय म्हटल्यावर भामाबाईंनी जे सांगितले तेच उतरवतो: "माजं एक बोट झिजलं, तर बाकीची हायती. मॅडम एकच हाय. जपून ऱ्हावा म्हनावं."