आमच्या ह्यांनी हार मानली तेव्हा

आमचे हे चष्मे बनवतात. दुकान म्हणजे एक लांबट खोली. पुढे फ्रेमचं काचेचं कपाट, मागे भिंगं घासायचं यंत्र आणि मधे एक स्टूल, पण त्यावर गिऱ्हाइकाला बसता येत नाही, कारण तिथे कायम एक जाडजूड ग्रंथ उघडा पडलेला. कुणी नंबर काढायला आलं की हे विचारणार, हे अक्षर दिसतं का? तो म्हणाला दिसतं, की लगेच, कशावरून? बिचाऱ्याला स्वतःच्या डोळ्यांचाच संशय यायला लागतो. ह्यांना सरळ 'हो' कुणाचंच पचत नाही. लग्न झाल्या झाल्या मी ह्यांच्या प्रत्येक बोलण्याला हो म्हणत गेले, नव्या सुनेनं म्हणावं तसं, तर ह्यांनी सासूबाईंना हळूच विचारलं, हिला बरं नाही का?

आम्ही ज्यू. आमच्यात धर्माचा अभ्यास जोडीनं करतात, आणि जोडीदार नंदीबैल असून भागत नाही. एकानं पानावरचं वाक्य वाचून अर्थ लावायचा, दुसऱ्यानं तो मोडायचा. त्या पानांवर आहे तरी काय, तर जुन्या रब्बींचे, म्हणजे आमच्या धर्मपंडितांचे, वादच. त्यात जो हरला त्याचंही म्हणणं कुणी खोडलेलं नाही. जिंकणाऱ्याच्या शेजारीच ठेवलंय, तेवढ्याच मानानं.

ह्यांचे जोडीदार म्हणजे कोटवाले भावजी. पलीकडच्या गल्लीत कोट शिवतात, आणि तोंडात टाचण्या धरूनसुद्धा वाद घालतात. दोघांचीही लग्नं व्हायची होती तेव्हापासूनचा हा नेम: सकाळी दुकानं उघडायच्या आधी टेबलाशी समोरासमोर बसायचं आणि एकमेकांना मूर्ख ठरवायचं. आमच्या स्वयंपाकघरातलं ते टेबल मला सकाळी कधी मिळालंच नाही. नवी शेजारीण एकदा भांडण सोडवायला धावत आली होती. मी तिला चहा पाजून परत पाठवलं.

सगळ्यात जुना वाद होता हरवलेल्या वस्तूचा. एखाद्याची वस्तू रस्त्यात पडली. ती परत मिळायची आशा त्यानं सोडली, तर ज्याला सापडली त्याची ती झाली. इथवर सगळे एक. पण आपलं काही हरवलंय हे त्या माणसाला अजून कळलेलंच नसलं तर? आमचे हे म्हणत, कळलं असतं तर त्यानं आशा सोडलीच असती, मग सोडली असंच धरा. भावजी म्हणत, आशा ही माणसाच्या स्वतःच्या मनातली गोष्ट, ती त्याच्या वतीनं दुसऱ्या कुणी सोडायची नाही, म्हणून वस्तू मालकाचीच. मुलं मोठी झाली, त्यांची लग्नं झाली, ह्यांचे केस गेले, पण हा वाद काही मिटला नाही.

मग भावजींच्या छातीत दुखायला लागलं. हृदयातली एक झडप निकामी झालेली. डॉक्टर म्हणाले, ऑपरेशन लवकर करू, धोका आहे, पण केलं नाही तर माणूस फार दिवस काढणार नाही. भावजी तयार झाले, दवाखान्यात दाखल झाले. लोक त्यांना भेटून येत, आणि भावजी त्या प्रत्येकाशी भांडत, म्हणजे सगळं ठीक होतं.

एक दिवस आमचे हे भेटून आले ते अगदी शांत. हातपाय धुतले, जेवले, आणि म्हणाले, मी आज त्याला सांगितलं, हरवलेल्या वस्तूचं तुझंच बरोबर होतं. मला गहिवरून आलं. इतक्या वर्षांत पहिल्यांदा ह्या माणसाला काही समजलं, असं वाटलं. आजारी मित्राला याहून मोठं काय द्यायचं!

दुसऱ्या दिवशी भावजींची मुलगी दारात. डोळे रडून लाल. बाबा ऑपरेशनला नाही म्हणतायत, काकू. भिंतीकडे तोंड करून पडलेत, सूपसुद्धा घेत नाहीत. म्हणतात, काकांनी माझं मान्य केलं, म्हणजे डॉक्टरांनी त्यांना नक्की काहीतरी सांगितलंय.

मला आधी हसू आलं, मग उमगलं. बरोबरच होतं त्यांचं. जो माणूस मीठ खारट आहे हेसुद्धा सरळ मान्य करत नाही, तो एकदम मान तुकवतो, तर समोरच्यानं काय समजायचं?

मी तशीच दुकानात गेले आणि ह्यांना फैलावर घेतलं. म्हटलं, आत्ता जा आणि शब्द मागे घ्या. तर हे म्हणाले, घेता येत नाही. मी त्याची कीव करून बोललो नाही. खरंच पटलंय मला. मी म्हटलं, मग खोटं बोला, जीव जातोय तिकडे एकाचा. यावर ह्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी कुणाच्या देवघरात चपला घालून शिरले. ग्रंथातल्या पानाबद्दल खोटं बोललो तर त्याला पहिल्या वाक्यात कळेल, म्हणाले, आणि मग तर तो मेलाच.

त्यानंतर घरात कुणाला चैन पडेना. हे उठत, बसत, खिडकीशी जात, परत येत. एका गिऱ्हाइकाच्या उजव्या डोळ्याचं भिंग डाव्याला बसवलं. ग्रंथ काढला की चिडून मिटत. भावजींच्या मुलीचे रोज फोन: आजही नाही म्हणाले, डॉक्टर म्हणतात आता थांबता येणार नाही. मला ह्या दोन म्हाताऱ्यांचा असा संताप आला म्हणून सांगू! माणसांनी शहाणपणासाठी वाचावं, ह्यांनी वाचून वाचून साधं 'तू बरोबर' म्हणायचीसुद्धा सोय ठेवली नव्हती. पण रागाच्या आत भीती होती. भावजी गेले तर हे मागे किती दिवस राहतील, हे मला दिसत होतं.

एका सकाळी यंत्र चालू, भिंग अर्धं घासलेलं, आणि हे एप्रनसकट रस्त्यावर. मी दुकानाचं दार ओढून घेतलं आणि मागे धावले. रस्ताभर स्वतःशी पुटपुटत होते, हातवारे करत होते. मधेच एका खांबापाशी थांबले, कपाळावर हात मारला आणि पुन्हा चालायला लागले.

भावजी भिंतीकडे तोंड करूनच होते. पाठ किती बारीक झालेली! हे खुर्ची ओढून बसले आणि कसं वाटतंय वगैरे काही न विचारता म्हणाले, "तुझा निकाल बरोबर आहे. कारण साफ चूक आहे."

पाठ हलली नाही.

हे बोलतच राहिले. मालकाच्या आशेचा इथे काही संबंधच नाही. उचलली तेव्हा ती वस्तू दुसऱ्याची होती, म्हणजे उचलणाऱ्याच्या हातात ती ठेव म्हणून आली. मालकानं नंतर आशा सोडो की न सोडो, ठेव ती ठेवच. इतकी वर्षं तू मालकाच्या मनात शिरून बसलास, आणि बघायचं होतं उचलणाऱ्याच्या हाताकडे. योगायोगानं बरोबर आलास, यात कसली हुशारी?

भावजी वळले. सावकाश, नळ्या सांभाळत, पण वळले. रंग चढला होता चेहऱ्यावर. "योगायोगानं?" म्हणाले. "गाढवा, ठेव कुणाची हे मालकाच्या मनावाचून ठरतं का?" आणि मग असे सुरू झाले की नर्स आत आली. तिला त्यांनी हातानंच थांबवलं आणि मुलीला म्हणाले, "डॉक्टरांना सांग, करा काय करायचं ते. ह्याला असा सोडून मी मरणार नाही. नीट उत्तर काढायला मला महिना-दोन महिने तरी लागतील."

मुलगी रडत बाहेर पळाली, डॉक्टरांना शोधायला.

आम्ही बाहेर बाकावर बसलो. मी विचारलं, खरं सांगा, तो मुद्दा खरा होता की त्यांच्यासाठी रचलात?

"खरा आहे," हे म्हणाले. "पण त्याला उत्तर आहे. मला रस्त्यातच सुचलं."

मग सांगितलं का नाही, असं मी विचारणार होते. तर ह्यांनी एप्रनचं टोक डोळ्यांना लावलं होतं.

"त्याचं उत्तर आहे ते," म्हणाले. "त्यालाच काढू दे."