आधी सूप, मग सही

"आधी सूप, मग सही," एवढं म्हणून काकी दोन्ही हात पदराखाली घ्यायच्या. मग समोर वकील असो, चारकोपचा भाऊ असो की समजूत घालायला आलेले त्यांचे मामा, पेन धरणाऱ्याला ते हात काही परत दिसायचे नाहीत.

भांडुपला आमच्या गल्लीच्या चढावर त्या आणि त्यांचे अबोल यजमान राहतात. घरून कोकमाचं आगळ आणि कुळथाचं पीठ विकतात. मी तेव्हा मुलींच्या वारसाहक्काची पत्रकं वाटत दारोदार फिरायचे. 'बहिणींनो, हक्कसोडपत्रावर सही करू नका!' असा मथळा होता. बापाच्या घरातला वाटा एका साडीवर सोडून द्यायचा आणि वर हसून फोटो काढायचा, या प्रकाराची मला आजही चीड आहे. काकींनी कित्येक वर्षं सही दिलेली नाही असं कळलं, तेव्हा मला वाटलं, झकास, पुढच्या पत्रकावर यांचाच फोटो.

काकींनी माझं भाषण शेवटपर्यंत ऐकलं. सरबताचा पेला पुढे केला. म्हणाल्या, "माका हक्क नको गो. माका भावाचो हात होयो, सुपाक."

म्हणजे झालं होतं असं. त्यांच्याकडे गौरीला सुपात नारळ, फळं, पानविडा ठेवून ओवसायचं, म्हणजे ते गौरीपुढे ओवाळायचं, आणि त्यातलं एक सूप माहेरी न्यायचं अशी रीत. ते भावाने दोन्ही हातांनी घ्यायचं. गिरणीत राबून वडिलांनी चारकोपला सेक्टरमध्ये बैठं घर घेतलं होतं. आई आधीच गेलेली, मागोमाग वडील गेले, मृत्युपत्र नाही. पुढच्या गौरीला काकी सूप घेऊन गेल्या, तर एकुलत्या धाकट्या भावाने दारातच कागद पुढे केला. आधी सही कर, मग सूप घेतो. त्या तशाच मागे फिरल्या. त्यानंतर दर गौरीला सूप भरलं जायचं, चारकोपला निरोप जायचा, तिकडून कागदाची आठवण यायची, आणि सूप रिकामं होऊन परत दाराबाहेरच्या खिळ्याला लागायचं. दोघं एकाच बापाची लेकरं.

मग भावाची वाट लागली. धंद्यासाठी कर्ज काढताना त्याने घर एकट्याचं म्हणून लिहून दिलं होतं. भागीदार पळाला, कोर्टाचा हुकूम झाला आणि घराच्या दारावर जप्तीची नोटीस चिकटली. मी काकींना ओढतच वकिलाकडे नेलं. घर वडिलांच्या नावावर, बहिणीने हक्क सोडलेला नाही, म्हणजे तिचा अर्धा वाटा भावाच्या कर्जापायी विकता येणार नाही, अशी हरकत घेतली.

कर्ज देणाऱ्यांचा वकील म्हणाला, घर वाचवायला ऐनवेळी बहीण उभी केली आहे. तेव्हा मामांनी उभं राहून सुपाचं सगळं भांडण सांगितलं. आपणच दोनदा समजूत घालायला गेलो आणि दोन्हीकडून बोलणी खाऊन आलो, हेसुद्धा. कोर्टात हशा पिकला. मग भावाची पाळी आली. दिल्या घरच्या मुलीला कसला वाटा, असं जन्मभर म्हणणारा हा माणूस, खाली मान घालून म्हणाला, "घर बाबांचं. अर्धं माझं, अर्धं ताईचं."

मी काकींकडे पाहिलं. त्या पदराच्या आत हात धरून बसल्या होत्या.

अर्ध्या घराला गिऱ्हाईक कुठून मिळणार? कर्जवाल्यांनी तडजोड केली, भावाने धंद्याचं मशीन विकून कर्ज फेडलं, नोटीस उतरली. मी नवीन पत्रक लिहायला घेतलं आणि गणपतीत भावाचा निरोप आला: ताई, सूप घेऊन ये.

गौरीच्या दिवशी त्या नवी साडी नेसून निघाल्या. एका हातात सूप, ब्लाऊजला पेन अडकवलेलं. मी गल्लीच्या तोंडाशी आडवी आले. एवढं लढून आता सही करणार? वेड लागलंय का? यजमान रिक्षा थांबवून उभे होते. काकी म्हणाल्या, "शब्द दिलाय गो पोरी. त्याने आपलं केलं, मी आपलं करतंय." आणि गेल्या. मी रस्त्यातच पाय आपटले.

दुसऱ्या दिवशी मी पुन्हा चढ चढून गेले. दाराला कुलूप. फोन लावला तर मागे पोरांचा कालवा आणि कुणीतरी फुगडी घालत होतं.

"घेतलं त्याने सूप?"

"दोन्ही हातांनी."

"आणि सही?"

"मी पेन काढलं तर म्हणतो, पेन आत ठेव, ताई. हात धू, पानं वाढलीत."

दोघांची नावं लागलीच कागदावर चढवून घ्या, मी बजावलं. "घेऊ गो, गौरी तर जाऊ देत," म्हणाल्या आणि फोन कुणा भाचीच्या हातात गेला.

मी थोडा वेळ तिथेच पायरीवर बसले. दाराजवळचा खिळा रिकामा होता. त्याच्याखाली, भिंतीचा रंग इतकी वर्षं झाकला गेला होता तिथे, सुपाएवढा निळा तुकडा अगदी कोरा राहिला होता.